यादीच्या तळातली एक ओळ: लघुपट-माहितीपटांच्या छायालेखनाला राष्ट्रीय पुरस्कार देतात तो कशासाठी?

१ ऑगस्ट २०२५ ला ७१वे राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार जाहीर झाले. टीव्हीच्या पट्टीवर दिवसभर शाहरुख खान, विक्रांत मॅसी आणि राणी मुखर्जी ही नावं फिरत होती. आपल्याकडे त्यात 'श्यामची आई' आणि 'नाळ २' यांच्या आनंदाची भर पडली. त्याच यादीत, बरंच खाली, एक ओळ होती: कथाबाह्य विभाग, सर्वोत्कृष्ट छायालेखन, 'लिटल विंग्ज' (तमिळ), सरवणमरुदू सौंदरपांडी आणि मीनाक्षी सोमन. मी पाहिलेल्या एकाही बातमीत या ओळीपाशी कुणी थांबलं नाही. थांबलं असतं तरी प्रेक्षकाला प्रश्नच पडले असते. कथाबाह्य म्हणजे काय? छायालेखन म्हणजे शूटिंगच ना? आणि मोठ्या चित्रपटांच्या छायालेखनाला वेगळा पुरस्कार आहेच, तर हा दुसरा कशाला?

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं. पण तिथे पोचायला पहिल्या दोनांतून जावं लागेल.

'कथाबाह्य' हा शब्द फसवा आहे

राष्ट्रीय पुरस्कारांत चित्रपटांचे दोन विभाग असतात. एक फीचर, म्हणजे ७२ मिनिटांहून मोठा, आपण थिएटरात बघतो तसला कथापट. दुसरा नॉन-फीचर. मराठी बातम्यांत या दुसऱ्याला 'कथाबाह्य' म्हणतात आणि वाचणाऱ्याची समजूत होते की यात गोष्ट नसते. तसं नाही. या विभागात माहितीपट येतात, ॲनिमेशन येतं, आणि चक्क काल्पनिक कथा सांगणारे लघुपटही येतात. त्यामुळे पंधरा मिनिटांची प्रेमकथा 'कथाबाह्य' ठरू शकते! शब्द बदलायला हवा, पण तोवर अर्थ ध्यानात ठेवलेला बरा.

नाटकवाल्यांना हे पटकन कळेल. फीचर म्हणजे तीन अंकी नाटक, लघुपट म्हणजे एकांकिका. माहितीपट मात्र नाटकच नाही, तो व्यक्तिचित्र किंवा रिपोर्ताज, म्हणजे जागेवर जाऊन पाहिलेल्याचा वृत्तांत. नॉन-फीचर विभागात एकांकिका आणि रिपोर्ताज एकाच मांडवात बसवलेले आहेत. यातून एक खरी अडचण होते, तिच्याकडे पुढे येतो.

हा मांडव नवा नाही. पुरस्कार सुरू झाले १९५४ साली, १९५३ च्या चित्रपटांसाठी. राष्ट्रपतींचं पहिलं सुवर्णपदक आचार्य अत्र्यांच्या 'श्यामची आई'ला मिळालं हे मराठी माणसाला पाठ असतं. पण त्याच वर्षी माहितीपटालाही सुवर्णपदक होतं आणि ते 'महाबलीपुरम'ला गेलं, हे फारसं कुणाला ठाऊक नसतं. म्हणजे माहितीपट पहिल्या दिवसापासून पंगतीत होता. माहितीपटाचा कॅमेरामन मात्र नव्हता. मोठ्या चित्रपटांच्या छायालेखकांना १९६७ च्या चित्रपटांपासून पुरस्कार मिळू लागला, तेव्हा कृष्णधवलचा वेगळा आणि रंगीतचा वेगळा असे दोन. लघुपट-माहितीपटांच्या छायालेखकांना त्यानंतरही दोन दशकांहून जास्त थांबावं लागलं, नव्वदच्या दशकाच्या तोंडावर त्यांची पाळी आली. तोपर्यंत बक्षीस निर्मात्याला आणि दिग्दर्शकाला मिळायचं आणि ज्याच्या डोळ्यांनी आपण ते सगळं पाहिलं, त्याचं नाव श्रेयनामावलीत दोन सेकंद दिसून जायचं.

छायालेखक करतो तरी काय?

छायालेखक म्हणजे सिनेमॅटोग्राफर. सेटवर त्याला डीओपी (डिरेक्टर ऑफ फोटोग्राफी) म्हणतात, जुन्या मंडळींच्या तोंडी कॅमेरामन. पुष्कळदा कॅमेरा त्याच्या हातात नसतोही, तो चालवणारा दुसरा असतो. छायालेखकाचं काम ठरवण्याचं. उजेड किती, कुठून, कुठल्या रंगाचा. कॅमेरा किती लांब, किती उंच, स्थिर की हलता. चौकटीत काय घ्यायचं आणि काय बाहेर ठेवायचं.

एक साधा प्रसंग घ्या. घराच्या उंबऱ्याशी आजी सुपात तांदूळ निवडत बसली आहे. आत अंधार, बाहेर दुपारचं ऊन. तुम्ही आतून मोबाइल धरता. चेहरा नीट दिसावा म्हणून स्क्रीनवर बोट ठेवलंत की बाहेरचं अंगण पांढरंफटक होतं. अंगणावर बोट ठेवलंत की आजी काळी सावली होते. डोळ्याला दोन्ही दिसतं, कॅमेऱ्याला दोन्ही एकदम झेपत नाही.

कथापटात यावर सोपा उपाय आहे, आत दिवे लावा. आजीचं काम करणारी नटी आहे, घर सेट आहे, हवं तर सूर्य मावळल्यावर बाहेरून दिवा टाकून 'दुपार' करता येते. माहितीपटात ती खरी आजी आणि ते तिचं खरं घर. दोन स्टँड, चार दिवे आणि वायरींचं भेंडोळं आत नेलंत की आजी तांदूळ निवडायची थांबते, पदर सावरते आणि कॅमेऱ्याकडे बघून बसते. ज्या गोष्टीसाठी गेलात तीच संपली.

मग छायालेखक काय करतो? कधी अंगणात जाऊन उलट बाजूनं बघतो, म्हणजे उजेड तिच्या तोंडावर येतो. कधी दुपारी तिच्याशी नुसत्या गप्पा मारतो आणि ऊन कलण्याची वाट बघतो. आणि कधी मुद्दाम तिची सावलीच होऊ देतो, कारण त्या चित्रपटात तिचा चेहरा दिसण्यापेक्षा तिचे हात चालताना दिसणं जास्त बोलकं असतं. तिन्ही चित्रं 'बरोबर' आहेत. कुठलं निवडलं आणि का, याला छायालेखन म्हणायचं.

दुसरा निर्णय अंतराचा. रडणाऱ्या माणसाला पन्नास फुटांवरून लांब पल्ल्याच्या लेन्सनं टिपता येतं आणि दोन फुटांवर बसूनही टिपता येतं. पडद्यावर चेहरा दोन्हीकडे तेवढाच मोठा दिसेल. पण पहिल्यात मागची भिंत चेहऱ्याला चिकटल्यासारखी वाटते, सगळं सपाट होतं, आणि बघणाऱ्याला चोरून बघितल्यासारखं होतं. दुसऱ्यात आपण त्याच्या शेजारी बसलेलो असतो. प्रेक्षकाला लेन्सचं नाव माहीत नसतं, पण कॅमेरा घरात बोलावलेला होता की खिडकीतून डोकावत होता हे त्याला बरोबर कळतं. माझ्या मते माहितीपटाचं छायालेखन पारखायची हीच पहिली जागा. तंत्र त्यानंतर.

माहितीपटात 'पुन्हा एकदा' नसतं

भारतातल्या छायालेखनाची सुरुवात या एका अडचणीपासूनच झाली. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, मुंबईत फोटो स्टुडिओ चालवत. त्यांनी लंडनहून २१ गिनी देऊन कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डनवर पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी यांची कुस्ती टिपली. भारतीय माणसानं केलेल्या पहिल्या काही चित्रीकरणांपैकी हे एक. आता त्यांच्या जागी स्वतःला उभं करून बघा. दोन पैलवान आखाड्यात गोल फिरतायत. कॅमेरा जड, तिवईवर, चटकन फिरवता येत नाही. डाव कुठल्या बाजूला पडेल ठाऊक नाही. पाठ टेकली तेव्हा मधे पंच आला, तर 'अहो, जरा पुन्हा पडा' म्हणता येत नाही. आणि फिल्म धुवायला लंडनला जायची. काय मिळालं ते कळेपर्यंत पैलवान दुसरी कुस्ती खेळून मोकळे!

दोन वर्षांनी, डिसेंबर १९०१ मध्ये, केंब्रिजहून सीनियर रँग्लर होऊन, म्हणजे तिथल्या गणिताच्या परीक्षेत पहिले येऊन परतलेल्या र. पु. परांजप्यांचं मुंबईतलं स्वागत सावेदादांनी टिपलं. तिथेही तीच तऱ्हा. पाहुणा बोटीवरून एकदाच उतरतो.

आज कॅमेऱ्यातल्या कार्डावर तासन् तास चित्रीकरण मावतं, मग हा प्रश्न सुटला का? अर्धाच. फिल्मच्या काळात १६ मिलिमीटरचा ४०० फुटांचा रोल जेमतेम ११ मिनिटं चालायचा, म्हणून बटण कधी दाबायचं याला किंमत होती. आता बटण दाबूनच ठेवता येतं. पण तुम्ही चुकीच्या कोपऱ्यात उभे असाल तर चार तासांचं चित्रीकरण म्हणजे चुकीच्या कोपऱ्यातून चार तास. उभं कुठे राहायचं, हा सावेदादांचा प्रश्न जिथल्या तिथे आहे.

६६व्या राष्ट्रीय पुरस्कारांत हा मान 'द सीक्रेट लाइफ ऑफ फ्रॉग्ज'साठी अजय आणि विजय बेदी या भावांना मिळाला. बेदींच्या घरात वन्यजीव चित्रण पिढीजात आहे. या माहितीपटात पश्चिम घाटातला जांभळा बेडूक आहे. हा प्राणी वर्षातला बहुतेक काळ जमिनीखाली काढतो आणि पहिल्या पावसाच्या सुमाराला, अगदी थोड्या दिवसांपुरता, मीलनासाठी वर येतो. म्हणजे कुठल्या ओढ्याकाठी, कुठल्या रात्री, कुठल्या दगडामागे, याचा अंदाज बांधून पावसात बसायचं. आलाच तर जीव तळहातात मावेल एवढा. इतक्या जवळून टिपताना लेन्सला जेमतेम काही मिलिमीटरचा पट्टा स्पष्ट दिसतो. डोळा स्पष्ट केला तर नाक धूसर. बेडकानं श्वास घेतला तरी स्पष्टतेची रेघ सरकते. आणि हुकलं तर थेट पुढच्या पावसाळ्यात.

इथे एक उपकथा सांगायचा मोह आवरत नाही. माहितीपटवाल्यांचा आणखी एक शत्रू म्हणजे घरातली ट्यूबलाइट. आपल्याकडची वीज सेकंदाला ५० आवर्तनं घेते, त्यामुळे जुनी ट्यूब सेकंदाला १०० वेळा मंद-तेज होते. आपल्या डोळ्याला कळत नाही, कॅमेऱ्याला कळतं आणि चित्र लुकलुकू लागतं. सिनेमा सेकंदाला २४ चित्रांचा. एरवी प्रत्येक चित्राला सेकंदाचा ४८वा भाग उजेड मिळतो, तो नेमका ५०वा भाग मिळावा म्हणून कॅमेऱ्याचं शटर, म्हणजे उजेड आत सोडणारी फिरती झडप, १८० अंशांऐवजी १७२.८ अंश उघडी ठेवतात. हा आकडा छायालेखकाला पाढ्यासारखा पाठ असतो. प्रेक्षकाला तो कधीच कळत नाही, कारण बरोबर लावला तर काहीच दिसत नाही.

लघुपटात गोष्ट वेगळी

काल्पनिक लघुपटात 'पुन्हा एकदा' म्हणता येतं. तिथली टंचाई वेळेची आणि पैशाची. दोन तासांच्या चित्रपटात गाव, घर, माणसं यांची ओळख व्हायला वीस मिनिटं मिळतात. लघुपट तेवढ्यात संपतो. म्हणून संवाद सांगणार नाहीत ते चित्रानं सांगायचं.

६९व्या पुरस्कारांत बिट्टू रावत यांना ज्या 'पाताल-ती'साठी हा सन्मान मिळाला, तो भोटिया भाषेतला लघुपट आहे. आजोबांची इच्छा पुरी करायला एक मुलगा हिमालयात पवित्र पाण्याच्या शोधात निघतो, एवढीच गोष्ट. त्याआधीच्या वर्षी निखिल एस. प्रवीण यांना मल्याळम 'शब्दिक्कुन्न कलप्पा'साठी मिळाला. नावाचा अर्थ बोलणारा नांगर. शेतकरी आणि त्याचा बैल. बैलाला संवाद नसतात. त्याच्या आणि मालकाच्या नात्याबद्दल जे काही आहे ते नजरेतून, अंतरातून, उजेडातून यायला हवं.

आपल्याकडे याचं सगळ्यात जुनं उदाहरण दादासाहेब फाळक्यांचं आहे. 'राजा हरिश्चंद्र'च्या आधी, १९१२ मध्ये, त्यांनी कुंडीत वाटाण्याचा दाणा पेरला, समोर कॅमेरा लावला आणि ठरावीक अंतरानं एकेक चित्र घेत राहिले. सलग दाखवल्यावर दाण्यातून कोंब आणि कोंबाचा वेल डोळ्यांसमोर वर चढला. पैसे लावणाऱ्यांना पटवायला केलेला तो खटाटोप होता. त्यात नट नाहीत, संवाद नाहीत, कॅमेरा जागचा हललेला नाही. एकच निर्णय: दोन चित्रांत किती वेळ सोडायचा. तेवढ्यानं गोष्ट झाली. हा लघुपट की माहितीपट? आजच्या नियमात त्याला कुठल्या खणात टाकाल, सांगा.

'हिमालयच सुंदर आहे, त्यात कॅमेरामनचं काय?'

ही शंका रास्त आहे आणि परीक्षकसुद्धा तिला कधी कधी बळी पडत असतील. बर्फाचे डोंगर, धुकं, सोनेरी सूर्यास्त यांनी डोळे दिपतात. पण डोंगर सगळ्यांसाठी तोच असतो. पर्यटकाच्या मोबाइलमध्ये तो कॅलेंडर होतो. 'पाताल-ती'सारख्या गोष्टीत तो मुलाच्या आकाराच्या मानानं किती मोठा दिसावा, चौकटीत मुलगा कुठल्या कोपऱ्यात असावा, हे ठरवावं लागतं. डोंगर सुंदर दिसला आणि मुलगा विसरला गेला, तर चित्र छान आणि छायालेखन वाईट. उत्तम छायालेखनाची तारीफ करताना लोक 'काय फ्रेम आहे!' म्हणतात. मला ते ऐकलं की थोडी शंकाच येते. फ्रेम लक्षात राहिली आणि माणूस नाही, असं तर झालं नाही?

'हल्लीचे कॅमेरे सगळं आपोआप करतात'

करतात. फक्त त्यांना म्हैस कळत नाही.

हे गमतीनं म्हणत नाही. कॅमेऱ्याचं स्वयंचलित मोजमाप असं धरून चालतं की समोरचं सगळं सरासरीनं मध्यम करड्या रंगाचं आहे. बहुतेक वेळा ते जमून जातं. पण चौकटभर काळी म्हैस आली की यंत्राला वाटतं उजेड कमी आहे, ते चित्र उजळतं आणि म्हैस राखेत लोळल्यासारखी दिसते. पांढऱ्या धोतर-सदऱ्यातली दिंडी आली की उलट, यंत्राला वाटतं उजेड फार झाला आणि शुभ्र कपडे मळकट होतात. काळ्याला काळं आणि पांढऱ्याला पांढरं ठेवायला समोर काय आहे ते कळणारं माणूस लागतं. नवे कॅमेरे चेहरे ओळखतात, दृश्यं ओळखतात, दरवर्षी हुशार होतात. तरी ती आजी आज अंधारातच असावी, हे त्यांना कोण सांगणार?

'दिग्दर्शक सांगतो तसंच करायचं ना?'

सेटवर थोडंफार तसं असतं. माहितीपटात मात्र घटना चालू असताना दिग्दर्शकाला सांगायला वेळच नसतो. मोर्चात धक्काबुक्की सुरू झाली की कॅमेरा वळवायचा की ज्या बाईकडे होता तिच्यावरच ठेवायचा, हे अर्ध्या सेकंदात ठरतं आणि ते कॅमेरा धरणारा ठरवतो. मैफलीत गवई समेवर कुठून येणार हे तबलजीला कुणी सांगत नाही. दोघांनी आधी पुष्कळ रियाज केलेला असतो, एवढंच.

काही वेळा तर दोन्ही माणसं एकच असतात. ६७व्या पुरस्कारांत 'सोंसी'च्या छायालेखनासाठी गौरवल्या गेलेल्या सविता सिंह यांनी तो लघुपट दिग्दर्शितही केला होता. पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट शिकवणाऱ्या संस्थेत शिकलेल्या सविता सिंह यांना हाच पुरस्कार त्याआधी 'क्रमशः'साठी मिळाला होता. कॅमेऱ्यामागे बाईचं नाव दिसणं अजूनही विरळ असलेल्या धंद्यात एकीनं तो दोनदा घेतला, आणि ७१व्या वेळी मीनाक्षी सोमन यांचं नाव आलं. मोठ्या चित्रपटांच्या बाबतीत असं म्हणायला अजून फार जागा नाही.

एकांकिका आणि रिपोर्ताज एका तराजूत?

आता मघाची अडचण. बेडकाची पावसात वाट बघणारा आणि ठरवलेल्या उजेडात ठरवलेला शॉट घेणारा, यांची तुलना कशी करायची? दुसऱ्याच्या चित्रात चूक राहिली तर ती त्याची, कारण पुन्हा घेता आलं असतं. पहिल्याच्या चित्रातली हिसकलेली, किंचित धूसर चौकटसुद्धा कधी कधी त्याचं यश असते, कारण त्या क्षणी तिथे फक्त तोच होता.

नियमात हा फरक नाही. पुरस्कार एकच. ६६व्या वर्षी बेडूक जिंकले, त्यानंतरची लागोपाठ तीन वर्षं ('सोंसी', 'शब्दिक्कुन्न कलप्पा', 'पाताल-ती') काल्पनिक लघुपट. तिन्ही निवडी चुकीच्या होत्या असं मला म्हणायचं नाही. पण घडवलेलं चित्र आणि सापडलेलं चित्र शेजारी ठेवलं की घडवलेलं जास्त नीटस दिसणारच. घरच्या पोळीशेजारी हॉटेलची रुमाली रोटी ठेवल्यासारखं आहे ते. दोन वेगळे पुरस्कार व्हावेत असं मला वाटतं. पुरस्कार कमी करण्याकडे कल असताना ही मागणी ऐकली जाईल अशी आशा मात्र फार नाही.

निवडतं कोण?

माहिती व प्रसारण मंत्रालयाचे हे पुरस्कार पूर्वी चित्रपट महोत्सव संचालनालय बघायचं. २०२२ मध्ये ते काम एनएफडीसीकडे, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे आलं. परीक्षक आपणहून चित्रपट शोधत फिरत नाहीत. निर्मात्यानं प्रवेशिका पाठवावी लागते आणि चित्रपटाला त्या कॅलेंडर वर्षातलं सेन्सॉर प्रमाणपत्र लागतं. छायालेखकानं जीव ओतला आणि निर्मात्यानं फॉर्मच भरला नाही, तर विषय संपला.

मोठ्या चित्रपटांची आधी विभागवार चाळणी होते, मग केंद्रीय परीक्षक बसतात. कथाबाह्य विभागाला असे दोन टप्पे नाहीत, एकच परीक्षक मंडळ सगळं बघतं. ७१व्या वेळी या विभागात ११५ प्रवेशिका होत्या आणि मंडळाचे अध्यक्ष होते कन्नड दिग्दर्शक पी. शेषाद्री. मंडळात छायालेखनातलं जाणकार माणूस असलं तर चर्चा वेगळी होते, नसलं तर वेगळी. गुणपत्रक जाहीर होत नाही. 'सरकारी पुरस्कार, त्यात वशिला' असं म्हणणाऱ्यांना मी हे नक्की म्हणेन की संशयाला जागा या गुप्ततेमुळे राहते. दोन ओळींच्या प्रशस्तीऐवजी एक परिच्छेद छापला, अमुक प्रसंगात अमुक निर्णय आम्हाला मोठा वाटला असं लिहिलं, तर निम्मी कुजबूज थांबेल. शिकणाऱ्या पोरांना फायदा होईल तो वेगळाच.

मिळतं काय?

रजत कमळ हे पदक, प्रशस्तिपत्र आणि दोन लाख रुपये. ही रक्कम ७०व्या पुरस्कारांपासूनची. त्याआधी या विभागात रजत कमळासोबत पन्नास हजार मिळायचे.

एक छोटा बदल मला फार बोलका वाटतो. फिल्मच्या काळात छायालेखनाच्या पुरस्कारात प्रयोगशाळेचंही नाव असायचं, कारण निगेटिव्ह धुताना रंग बिघडले तर छायालेखकाची मेहनत वाया. डिजिटल आलं आणि लॅबचं नाव गेलं. तिच्या जागी आज संगणकावर रंग लावणारा कलरिस्ट बसला आहे. चित्र किती उबदार, किती निळं, आजीच्या चेहऱ्यावर शेवटी किती उजेड, यात त्याचा मोठा वाटा असतो. त्याचं नाव मात्र या ओळीत नाही.

हा पुरस्कार म्हणजे मोठ्या चित्रपटाकडे जाणारी पायरी, असा एक समज आहे. यादी तसं सांगत नाही. निखिल प्रवीण यांना 'भयानकम्' या मोठ्या चित्रपटासाठी छायालेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार आधी, ६५व्या वेळी मिळाला आणि लघुपटाचा नंतर. ७०व्या वेळी 'मोनो नो अवारे'साठी ज्यांना मिळाला ते सिद्धार्थ दिवाण 'बुलबुल' आणि 'कला' या चित्रपटांचे छायालेखक. एवढ्या मोठ्या कामांनंतर माणसं छोट्या चित्रपटांकडे येतात. कादंबरीकारानं मधूनच कविता लिहावी तसं.

बघायचे कुठे?

खरं दुखणं इथे आहे. एके काळी सिनेमाचं तिकीट काढून आत बसलं की आधी 'फिल्म्स डिव्हिजन की भेंट' सोसावी लागे. लोक तेवढ्यात शेंगदाणे घेऊन येत. पण निदान कुठल्या तरी गावातलं धरण, कुठल्या तरी देवळातलं नृत्य मोठ्या पडद्यावर डोळ्यांखालून जायचं. ती सक्ती गेली आणि त्याबरोबर माहितीपटाचा मोठा पडदाही गेला. १९४८ मध्ये सुरू झालेलं फिल्म्स डिव्हिजन आता एनएफडीसीत विलीन झालं आहे.

मुंबईत दर दोन वर्षांनी मिफ हा माहितीपट, लघुपट आणि ॲनिमेशनचा महोत्सव भरतो, १९९० पासून. जवळ असाल तर जा. एरवी यातलं बरंचसं फोनवर, मिळेल तसं, मिळेल तिथे बघावं लागतं. पावसात बेडकाची वाट बघून टिपलेला तो मिलिमीटरभर स्पष्ट डोळा आपण सहा इंची काचेवर, बसमध्ये, ऊन पडलेल्या खिडकीशी बसून बघतो.

तसं बघायची वेळ आली तर पहिली दोन मिनिटं आवाज बंद ठेवा आणि एवढंच शोधा: या क्षणी कॅमेरावाला खोलीत कुठे उभा आहे, दारात, कोपऱ्यात की जमिनीवर बसलाय? आणि समोरच्या माणसाला त्याचं तिथे असणं चालतंय का?